वारदारचं खोरं : एकच नदी, चौकाचौकांत वेगळी हवा

रानजाई · मंगळवार, रात्री ९:४०

मागे एका धाग्यावर कुणीतरी 'बाल्कन म्हणजे थंडी, डोंगर आणि बर्फ' असं लिहून मोकळं झालं होतं. तेव्हापासून हे लिहायचं राहिलंय.

नवऱ्याच्या नोकरीमुळे २०१७ ते २०२० अशी तीन वर्षं आम्ही बाल्कनमधल्या, म्हणजे आग्नेय युरोपातल्या, उत्तर मॅसेडोनियात, स्कोप्ये शहरात काढली. पहिल्याच हिवाळ्यात शेजारच्या आजींनी माझी गॅलरी बघून सांगितलं, कपड्यांना दोन-दोन चिमटे लाव, वारदारेत्स येतोय. (तिकडे आजीला 'बाबा' म्हणतात. 'बाबा आली' म्हटलं की माझा मुलगा पहिले दोन महिने हसून लोळायचा.) मला वाटलं वारदारेत्स म्हणजे कुणी भुरटा चोर असावा. संध्याकाळी नवऱ्याचा पंचा समोरच्या इमारतीच्या अँटेनावर फडफडत होता.

वारदारेत्स हा वारा. वारदार नदीच्या खोऱ्यातून उत्तरेकडून दक्षिणेकडे धावतो म्हणून नदीचंच नाव त्याला पडलं. नदीच्या नावाचा वारा मी त्याआधी ऐकला नव्हता, आणि त्या वाऱ्यामुळेच मी नदीच्या मागे लागले. तीन वर्षांत उगमापासून सीमेपर्यंत तुकड्या-तुकड्यांनी सगळं खोरं पाहिलं.

उगम गोस्तिवार गावाजवळ, व्रुतोकला. समुद्रसपाटीपासून ६८३ मीटर. चुनखडीच्या डोंगराच्या बुडातून पाणी एकदम बाहेर येतं. आपल्याकडे उगम म्हणजे गोमुख, थेंब थेंब पाणी आणि एखादं कुंड. इथे तसं काही नाही, जन्मतःच भरलेली नदी. चुनखडीत वरचं पावसाचं आणि बर्फाचं पाणी झिरपून आतल्या आत जमा होतं आणि पायथ्याशी वाट मिळाली की उसळतं. पाण्यात पाय घातला तर मिनिटभरात हाडं दुखायला लागतात.

एकूण लांबी ३८८ किलोमीटर. त्यातले तीनशेच्या आसपास उत्तर मॅसेडोनियात आणि उरलेले ग्रीसमध्ये. तिथे हिचं नाव अक्सिओस होतं आणि थेसालोनिकीजवळ ती एजियन समुद्राला मिळते. उत्तर मॅसेडोनियाच्या जवळजवळ चार-पंचमांश भागाचं पाणी ही एकटी वाहून नेते.

समुद्र आहे दक्षिणेला आणि बाई निघतात ईशान्येला! डाव्या हाताला शार पर्वताची भिंत आहे, तिच्या कडेकडेने जाण्यावाचून इलाज नसतो. स्कोप्येच्या अलीकडे एका घळीतून ती वळते आणि मग आग्नेयेची वाट धरते.

या घळी हीच खरी गोष्ट. वारदारचं खोरं म्हणजे एक सलग लांबट दरी नाही. पसरट खोलगट मैदान, मग अरुंद घळ, पुन्हा मैदान, पुन्हा घळ. तिथले लोक मैदानाला 'कोटलिना' म्हणतात आणि घळीला 'क्लिसुरा'. मला ते जुन्या वाड्यासारखं वाटायचं. एक चौक ओलांडला की अंधारा बोळ, बोळातून बाहेर आलं की दुसरा चौक. इथे मात्र बोळ ओलांडला की हवा बदलते.

पहिला चौक पोलोगचा. तेतोवो शहर इथलं. वर शार पर्वतावर २,७४७ मीटरचं तितोव शिखर आहे आणि मे महिन्यातही वरच्या अंगाला बर्फ दिसतं. पाऊस बरा, वर्षाला साडेसातशे-आठशे मिलिमीटर, शिवाय डोंगरातून येणारे ओढे. तेतोवोचा पांढरा घेवडा देशभर नावाजलेला आहे. मातीच्या पसरट भांड्यात भाजून केलेलं त्याचं 'तावचे ग्रावचे' आम्ही आठवड्यातून एकदा तरी खायचो. वालाच्या उसळीची तहान त्यावर भागवली.

मग देर्वेनची घळ आणि दुसरा चौक, स्कोप्ये. उंची २४० मीटरच्या आसपास, चहूबाजूंनी डोंगर. उन्हाळ्यात तापतं आणि हिवाळ्यात धुक्याचं झाकण बसतं. वर्षाचा पाऊस पाचशेच्या आसपास, म्हणजे पुण्यापेक्षा कमी.

त्यापुढे ताओरची घळ, वेलेस शहर, आणि मग तिक्वेशचं मैदान. आगगाडीने जाताना खिडकीत बसा, तुम्हाला कुणी सांगावं लागत नाही. हिरवा रंग विटत जातो, टेकड्या बोडक्या होतात, माती पिवळट पांढरी दिसायला लागते. मग अचानक द्राक्षबागा लागतात आणि संपता संपत नाहीत.

आणि मग देमिर कापिया. तुर्की नाव आहे, अर्थ लोखंडी दरवाजा. दोन्ही बाजूंना चुनखडीचे उभे कडे, त्यांच्या कपारींत गिधाडांची घरटी, आणि मधून नदी, रेल्वे, रस्ता सगळे एकमेकांना चिकटून जातात. २४ जुलै २००७ ला याच देमिर कापियात ४५.७ अंश तापमान नोंदलं गेलं. देशातला तो उच्चांक आहे. आता सांगा, बाल्कन म्हणजे फक्त थंडी का?

दरवाज्यापलीकडे शेवटचा चौक, वालांदोवो-गेव्गेलियाचा. इथे डाळिंब, अंजीर, किवी. टेकड्यांवर 'प्रनार' नावाचं काटेरी पानांचं सदाहरित झुडूप दिसायला लागतं. ते दिसलं की समजायचं, भूमध्य समुद्राची हवा इथवर पोचली. नदी सीमा ओलांडते तिथे उंची जेमतेम ५० मीटर उरलेली असते.

फोटो उद्या टाकते. मुलाने हार्ड डिस्क कुठेतरी ठेवलीय.

पाटीवरचा खडू · मंगळवार, रात्री १०:०५

वा! वाचनखूण साठवली. फोटोंची वाट बघतोय.

नकाशेवाला · मंगळवार, रात्री १०:५२

लेख आवडला. एक शंका. नकाशावर तिक्वेशपासून एजियन समुद्र सरळ रेषेत शंभर-सव्वाशे किलोमीटर दिसतो. पश्चिमेचा एड्रियाटिकही फार लांब नाही. दोन समुद्रांच्या मध्ये असूनही हा भाग इतका कोरडा का? आणि घळींमुळे हवा बदलते असं तुम्ही म्हणता, पण घळ म्हणजे तर उघडी वाट. वाटेने हवा आत यायला हवी ना?

रानजाई · बुधवार, सकाळी ७:३०

नकाशेवाला, प्रश्न मोलाचा आहे. डबे भरून झालेत, आता लिहिते.

पावसाचे ढग मुख्यतः पश्चिमेकडून, एड्रियाटिकवरून येतात. पण मध्ये अल्बानियाच्या बाजूचे डोंगर, कोराब, शार अशा रांगांवर रांगा आहेत. ढग तिथेच रिकामे होतात. पश्चिमेच्या डोंगरांवर वर्षाला हजार मिलिमीटरच्या पुढे पाऊस आणि बर्फ. तिथून पूर्वेला उतरलेली हवा कोरडी आणि गरम होत येते. तिक्वेश आणि त्याच्या उत्तरेचं ओव्चे पोले हे सगळ्यात कोरडे भाग, चारशे ते पाचशे मिलिमीटर. ओव्चे पोले म्हणजे 'मेंढ्यांचं मैदान'. नावातच हवामान आलं.

दक्षिणेच्या समुद्राचं म्हणाल, तर तिथून ऊब येते, पाऊस फारसा येत नाही. भूमध्य हवेत उन्हाळा कोरडाच असतो. गेव्गेलियाला बर्फ क्वचित टिकतं, पण देमिर कापियाच्या घळीतून आत येता येता ती ऊब पातळ होते. वेलेसपर्यंत थोडीफार जाणवते, स्कोप्येत हिवाळ्यात तिचा पत्ता नसतो. घळ उघडी असते हे खरं, पण चिंचोळी. खालच्या थरातली जड थंड हवा तिच्यातून सहज निघून जात नाही, मागच्या मैदानात साचते.

पाऊस पडतो तोही आपल्यासारखा चार महिने एकगठ्ठा नाही. मे-जूनच्या आसपास एकदा आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरात एकदा, असे दोन हंगाम. जुलै-ऑगस्टमध्ये आभाळ नुसतं निळं. मला पहिल्या वर्षी श्रावणात फार उदास वाटलं होतं, भर श्रावणात सगळं गवत वाळलेलं!

कृष्णाकाठ · बुधवार, सकाळी ९:१५

आमच्या साताऱ्यासारखंच की. महाबळेश्वरात छत्री पुरत नाही आणि पन्नास-साठ मैलांवर दहिवडीत टँकर. माण तालुक्यातही मेंढ्याच.

पण मला दुसरंच विचारायचं होतं. मी पाटबंधारे खात्यातून निवृत्त. व्रुतोक हे नाव जलविद्युत प्रकल्पाच्या संदर्भात वाचल्याचं आठवतं. तिथे पाणी एका खोऱ्यातून दुसऱ्यात वळवलंय ना?

रानजाई · बुधवार, दुपारी १:१०

अगदी बरोबर, काका! आणि तुम्ही साताऱ्याचे आहात म्हणजे तुम्हाला ते लगेच उमजेल.

उगमाच्या वरच्या अंगाला, १,२०० मीटरच्या पुढे, माव्रोवो नावाचा तलाव आहे. धरण बांधून केलेला. तिथलं पाणी मुळात रादिका नदीचं, म्हणजे द्रिम नदीमार्गे एड्रियाटिकला जाणारं. ते बोगद्यांतून फिरवून डोंगरापलीकडे पाचशे मीटरहून जास्त खाली व्रुतोकच्या वीजघरावर सोडतात, आणि तिथून ते वारदारला मिळतं. पश्चिमेच्या समुद्रात जायचं पाणी दक्षिणेच्या समुद्रात जातं.

तलाव भरला तेव्हा जुन्या गावातलं एक चर्च पाण्यात गेलं. पाणी उतरलं की भिंती आणि घंटेचा मनोरा चिखलात उभे दिसतात. आम्ही गेलो तेव्हा मुलं मनोऱ्याखाली क्रिकेट खेळावं तशी कोरड्या चिखलात फुटबॉल खेळत होती.

कृष्णाकाठ · बुधवार, दुपारी ३:४०

म्हणजे कोयनाच. कृष्णेतून बंगालच्या उपसागराला जाणारं पाणी पोफळीला उतरवून वाशिष्ठीत, तिथून अरबी समुद्रात. ऐन उमेदीची वर्षं त्या पाण्याच्या हिशेबात गेली माझी. पाणलोट ओलांडलेलं पाणी परत कधी येत नाही. खालचे लोक शंभर वर्षं त्यावर भांडतात, हेही खरं.

दमट हवा · बुधवार, संध्याकाळी ६:२०

'उत्तर मॅसेडोनिया' हे नाव २०१९ मध्ये आलं. ताई २०१७ ला गेल्या म्हणतात, तेव्हा देशाचं नाव वेगळं होतं. आणि सिकंदर कुणाचा हा वाद तर...

धागापाल · बुधवार, संध्याकाळी ६:४५

सिकंदर कुणाचा याच्यासाठी वेगळा धागा काढा. इथे नदी आणि हवा.

दर्यावर्दी · बुधवार, रात्री ११:३०

धागापाल, सिकंदर थोडासा येणार, पण भूगोलातूनच. रागावू नका.

मी मर्चंट नेव्हीत. थेसालोनिकीला चार-पाच वेळा जाणं झालं. ताईंचा वारदारेत्स समुद्रावर पोचतो तेव्हा ग्रीक लोक त्याला 'वार्दारिस' म्हणतात. शहरातल्या एका चौकालासुद्धा बोलताना लोक तेच नाव घेतात. पहिल्या वेळी आम्ही थर्माइक आखातात नांगर टाकून उभे होतो. पहाटे वारा सुटला. उत्तर-वायव्येकडून, कोरडा, आणि झोत असा की पत्र्यावर कुणी मूठभर वाळू मारतंय. एका तासात नांगर सरकायला लागला, इंजिन चालू ठेवून उभं राहावं लागलं. पण सकाळी आभाळ इतकं धुतलेलं की आखातापलीकडे ऑलिंपस पर्वत बर्फासकट दिसत होता. इतर वेळी तिथे नुसती धूसर पट्टी असते.

बंदरात जहाज आत आणणारा एक ग्रीक पायलट सांगायचा, हा वारा आला की शहरातले लोक खिडक्या उघडतात आणि बंदरातले लोक शिव्या देतात.

आता सिकंदर. त्याचा जन्म पेल्ला शहरात, इसवी सन पूर्व ३५६. त्या काळी पेल्लापर्यंत पाण्याने जाता यायचं, आखात आत शिरलेलं होतं. आज पेल्लाचे अवशेष बघायला जाल तर समुद्र वीस-पंचवीस किलोमीटर लांब. मधली सगळी जमीन या नदीने आणि शेजारच्या नद्यांनी आणून टाकलेल्या गाळाची. थेसालोनिकीचं बंदरसुद्धा गाळाने बुजेल अशी भीती होती म्हणून १९३० च्या दशकात नदीचं मुखच पश्चिमेकडे सरकवलं. नकाशावर शेवटचा तुकडा कृत्रिम वाटावा इतका सरळ दिसतो तो त्यामुळे.

त्या गाळावर आज भातशेती आहे, आणि मुखाजवळच्या पाण्यात शिंपल्यांची शेती. दोऱ्यांना लटकवून वाढवतात. आमच्या मालवणला तिसऱ्या वाळूत हाताने शोधतात, इथे दोरीवर घोसच्या घोस. चवीला मात्र आमच्याच बऱ्या, हे इथे नोंदवून ठेवतो.

नकाशेवाला · गुरुवार, सकाळी ८:००

दर्यावर्दी, झकास. उपग्रह चित्र उघडून बघितलं, खरंच शेवटी पट्टीने ओढलीय नदी.

पण मग वाऱ्याचं मूळ काय? उत्तरेला तर डोंगर आहेत.

रानजाई · गुरुवार, दुपारी १२:१५

डोंगर आहेत, पण एक फट आहे. स्कोप्येच्या ईशान्येला सर्बियाच्या हद्दीत प्रेशेवो नावाची खिंड आहे. खिंड म्हणायचं ते सवयीने, उंची ४६० मीटरच्या आसपास आणि इतकी पसरट की गाडीतून जाताना चढ कळत नाही. तिच्या उत्तरेचं पाणी मोरावा नदीतून डॅन्यूबला आणि काळ्या समुद्राला, दक्षिणेचं वारदारला. रोमन रस्ता इथूनच, १८७० च्या दशकात तुर्कांनी घातलेली रेल्वे वारदारच्याच काठाने, आजचा महामार्गही. डॅन्यूबपासून एजियनपर्यंत कालवा काढायचं स्वप्न अधूनमधून कुणीतरी पुन्हा बघतं, तेही याच वाटेने.

हिवाळ्यात उत्तरेच्या मैदानांवर थंड जड हवा साचते आणि एजियनवर दाब कमी असतो. ती हवा सखल वाटांनी खाली ओघळते आणि वारदारच्या खोऱ्यात शिरली की कोंडली जाते. घळीत वेग वाढतो, नळीच्या तोंडावर अंगठा धरल्यासारखा. गेव्गेलियाजवळ बोग्दांत्सीला २०१४ मध्ये १६ पवनचक्क्या उभ्या केल्या, देशातला पहिला पवनऊर्जा प्रकल्प. जागा वाऱ्यानेच दाखवून दिली म्हणायची.

शेजारच्या आजींचं मात्र वेगळंच शास्त्र. त्यांच्या मते वारदारेत्स तीन दिवस वाहतो, नाहीतर सात दिवस, मधलं काही नाही. मी दोनदा मोजलं. एकदा चार, एकदा पाच. त्यांनी ते धुडकावून लावलं.

कोपऱ्यावरची टपरी · गुरुवार, दुपारी ४:५०

स्कोप्येच्या हिवाळ्यातल्या हवेबद्दल फार वाईट वाचलंय. दिल्लीसारखं खरंच होतं का?

रानजाई · गुरुवार, रात्री ९:००

होतं. डिसेंबर-जानेवारीत सकाळी खिडकी उघडली की जळक्या लाकडाचा वास. पुष्कळ घरांत शेगडीत लाकूड जाळूनच ऊब करतात, त्यात गाड्या आणि कारखाने. वारा पडला की सगळा धूर चौकात अडकतो. खाली थंड हवा आणि वर गरम, उलटा थर. धूर वर जाऊच शकत नाही.

शहराला लागून व्होद्नो डोंगर आहे, १,०६६ मीटर. अर्ध्या वाटेपर्यंत बस, तिथून केबलकार. एका रविवारी आम्ही घरातून मफलर, मास्क लावून निघालो आणि वर पोचलो तर लख्ख ऊन, लोक स्वेटर काढून बाकावर बसलेले. खाली शहर नव्हतंच. मळकट दुधासारखा सपाट थर, आणि पलीकडे बर्फाने भरलेला शार. खालून वर आल्यावर सात-आठ अंश गरम वाटत होतं. अशा दिवसांत आम्ही सगळे वारदारेत्सची वाट बघायचो. कपडे जावोत, धूर तर जाईल.

वारा नाही आणि पाऊसही नाही असे पंधरा दिवस मुलाच्या खोकल्यात गेले त्याचं लिहीत नाही. जिथे दाखवायला नेलं तिथल्या रांगेवर वेगळा धागा होईल.

शेवग्याच्या शेंगा · शुक्रवार, सकाळी १०:२०

स्कोप्ये म्हणजे भूकंपाचं शहर ना? आईच्या जुन्या मासिकांत बंद पडलेल्या घड्याळाचा फोटो पाहिलाय.

रानजाई · शुक्रवार, सकाळी ११:४५

हो. २६ जुलै १९६३, पहाटे ५:१७. हजाराहून जास्त माणसं गेली आणि शहराचा बहुतेक भाग पडला. जुन्या रेल्वे स्थानकाचा अर्धा भाग तसाच ठेवलाय, घड्याळाचे काटे ५:१७ वर. आता तिथे शहराचं संग्रहालय आहे. पुनर्रचनेचा आराखडा जपानी वास्तुविशारद केंझो तांगे यांचा. नवीन शहराच्या काँक्रीटच्या अवाढव्य इमारती बघून काहींना धसका बसतो, मला आवडायच्या.

हे खोरंच मुळी भूकवचाच्या भेगांवर बसलंय. मैदानं खचून तयार झाली, म्हणूनच चौक-बोळ-चौक अशी रचना. आणि त्याच्या आधी जेमतेम आठ महिने, नोव्हेंबर १९६२ मध्ये, वारदारला मोठा पूर आला होता. आजी दोन्हीतून वाचलेल्या. पुराबद्दल तासभर बोलायच्या, भूकंपाबद्दल एक वाक्यही नाही. मी विचारलं नाही.

६ ऑगस्ट २०१६ चा पूर नदीचा नव्हता. संध्याकाळी वादळी ढग उत्तरेच्या डोंगराच्या पायथ्याशी अडकले, काही तासांत ९० मिलिमीटरच्या आसपास पाऊस. ऑगस्टमध्ये महिनाभरातही तिथे इतका पडत नाही. शहराच्या पूर्वेकडच्या गावांत वीसहून जास्त लोक गेले.

कृष्णाकाठ · शुक्रवार, दुपारी २:३०

११ डिसेंबर १९६७. कोयनानगर. आमचं घड्याळ थांबलं नाही, भिंतच पडली. तिथली कारणं वेगळी, धरणाच्या पाण्याचा भार वगैरे त्यावर अजून चर्चा चालते. पण हजाराऐवजी शेकड्यात मोजावं लागलं एवढाच फरक. असो.

भाताचं तूस · शुक्रवार, संध्याकाळी ७:१०

जड झालं वातावरण. विषय बदलतो. चारशे मिलिमीटर पावसात भात होतो असं वर कुणीतरी लिहिलंय का? आमच्याकडे अडीच हजारात सुद्धा रडारड असते.

रानजाई · शुक्रवार, रात्री ८:२५

दर्यावर्दींनी मुखाजवळचा भात सांगितला. पण देशाच्या आतही आहे. ब्रेगाल्नित्सा ही वारदारची डावीकडची उपनदी, तिच्या खोऱ्यात कोचानी गाव. आजूबाजूला कोरड्या टेकड्या आणि मध्ये चक्क खाचरं! पाणी पावसाचं नाही, नदीचं आणि वरच्या कालिमान्ची धरणाचं. कोरडा तापता उन्हाळा आणि पाटाचं पाणी, रोग कमी. दाणा आखूड, जाडसर आणि चिकट. मी त्याचा दहीभात करायचे, फार छान व्हायचा. तिथले लोक तोच भात मिरचीत भरतात.

त्याच कोचानीत जमिनीखालून ७५ अंशांच्या आसपास गरम पाणी निघतं आणि त्यावर भाजीपाल्याची काचघरं तापवतात. आणि याच ब्रेगाल्नित्सेच्या वरच्या टोकाला बेरोवो, जिथे उणे ३१.५ अंशांपर्यंत पारा उतरलेला आहे. देमिर कापियाचे अधिक ४५.७ आणि बेरोवोचे उणे ३१.५, दोन्ही वारदारच्याच पाणलोटात.

पूर्वी खालच्या दलदलीत डासही फार होते. पहिल्या महायुद्धात थेसालोनिकीच्या आघाडीवर फौजा अडकल्या, तेव्हा गोळ्यांपेक्षा हिवतापानेच जास्त सैनिक अंथरुणाला खिळले.

द्राक्षबागवाला · शनिवार, सकाळी ६:०५

रामराम. निफाड तालुका. धागा उशिरा पाहिला, बागेत कामं चालू आहेत.

ताई, तिक्वेशच्या बागांवर दोनच ओळी लिहिल्या तुम्ही, हे काही बरोबर नाही. जात कोणती, छाटणी कधी, पाणी कसं, भुरी-डाऊनी हे रोग किती? आमच्याकडे वर्षाला दोन छाटण्या, एप्रिलात खरड, ऑक्टोबरात गोडी बहाराची. वेल झोपतच नाही म्हणून काड्यांना पेस्ट लावून डोळे (कोंब) फोडावे लागतात. तिकडे बर्फ पडतं म्हणता, मग वेल जगतो कसा?

रानजाई · शनिवार, सकाळी १०:४०

दादा, माफी! तिक्वेशला चार वेळा गेले आणि एका बागायतदाराकडे दोनदा जेवले, तरी तुमच्याइतकं कुठून येणार.

मुख्य काळी जात व्रानेत्स. नावाचा अर्थ काळा घोडा. साल इतकी काळी की तोडणी करणाऱ्यांचे हात आठवडाभर जांभळे. पांढऱ्यात स्मेदेरेव्का. सगळी वाईनची, खायची द्राक्षंही आहेत पण थोडी.

वेल तिकडे झोपतो, तोच तर फरक. नोव्हेंबरात पानं गळतात, मग थेट मार्च-एप्रिलपर्यंत नुसती खोडं. छाटणी एकदाच, हिवाळा सरताना. १४ फेब्रुवारीला संत त्रिफुन यांचा दिवस असतो. शेतकरी बागेत जाऊन दोन-चार काड्या छाटतात, कापलेल्या जागी वाईन ओततात आणि मग बर्फात शेकोटी करून खातात-पितात. तोडणी सप्टेंबरात. कावादार्त्सी गावात तेव्हा मोठी जत्रा असते.

उन्हाळ्यात पाऊस नाही म्हणून डाऊनी कमी, भुरी मात्र असते असं तो बागायतदार म्हणाला. दिवसा कढई आणि रात्री डोंगरातून गार हवा, त्यामुळे घडात साखर छान उतरते. पाणी ठिबकने, बरंचसं त्सर्ना रेका नदीवरच्या तिक्वेश धरणातून. धास्ती दोन गोष्टींची, एप्रिलातली उशिराची थंडी आणि गारा. गारांचे ढग दिसले की रॉकेट सोडतात. मी आवाज ऐकला तेव्हा पटकन टेबलाखाली गेले होते.

द्राक्षबागवाला · शनिवार, दुपारी १:५५

गारांचं दुखणं सगळीकडे एकच. आमच्याकडे रॉकेट नाही, नुसतं आभाळाकडे बघायचं.

सहा महिने वेल झोपतो म्हणजे मजूर काय करतात मग?

रानजाई · शनिवार, दुपारी २:३०

सप्टेंबर-ऑक्टोबरात लाल मिरच्या भाजून 'आयवार' करतात. गल्लीगल्लीत धूर. द्राक्षाच्या चोथ्याची रकिया नावाची दारू गाळतात. मग हिवाळाभर तेच खातात आणि तेच पितात.

पाटीवरचा खडू · शनिवार, संध्याकाळी ५:००

आम्ही दोघं पुढच्या वर्षी जायचं म्हणतोय. निवृत्ती, गुडघे बरे आहेत. कधी जावं? आणि फोटो?

रानजाई · शनिवार, रात्री ९:५०

मे अखेर किंवा सप्टेंबरचा शेवट. जुलै नको, देमिर कापियाला दुपारी उतरलात तर मला शिव्या द्याल. स्कोप्येहून गेव्गेलियाची गाडी नदीला चिकटून जाते. सावकाश जाते, थांबते, कधी विनाकारणही थांबते. सोबत खायला घ्या. वाटेत ग्राद्स्कोजवळ स्तोबीचे रोमन अवशेष आहेत, त्सर्ना रेका आणि वारदारच्या संगमावर. अर्धा दिवस ठेवा. टोप्या बांधायच्या दोरीच्या आणा.

हार्ड डिस्क अजून सापडली नाही.

द्राक्षबागवाला · रविवार, सकाळी ६:२०

ताई, एक राहिलं. व्रानेत्सच्या एका वेलीवर छाटणीत काड्या किती ठेवतात आणि एका काडीला डोळे किती? ओलांडा (वेलाच्या आडव्या फांद्या) कसा करतात, आमच्यासारखा मांडव की नुसती तार? त्या बागायतदाराचा फोन असेल तर विचारून सांगा.

रानजाई · रविवार, सकाळी ८:१५

नुसती तार, मांडव नाही. वारा ठेवणारच नाही मांडव. काड्यांचं आणि डोळ्यांचं विचारते. त्याला मॅसेडोनियनशिवाय भाषा येत नाही आणि माझी आता गंजलीय, म्हणून मुलाला बसवते मोबाईलवर.